खांदेरीचा दिवा कोणाच्या नावे?

१/१४
अलिबागजवळच्या थळच्या किनाऱ्यावरून समुद्राकडे पाहिले की दोन बेटे दिसतात. अलीकडची उंदेरी, पलीकडची खांदेरी. खांदेरीच्या माथ्यावर १८६७ साली उभारलेला दीपस्तंभ आहे. या दिव्याविषयी दोन मते हिरीरीने मांडली जातात. दोन्ही चुकीची आहेत. (धागा)

२/१४
पहिले मत : ओसाड खडकावर इंग्रजांनी दिवा लावला, तेव्हा कुठे त्या बेटाचे महत्त्व कळले. दुसरे मत : शिवछत्रपतींच्या जलदुर्गावर परक्यांनी रोवलेला तो कलंक आहे. पहिले मत १६७९ साल विसरते. दुसऱ्या मताला १८६७ नंतरचे काहीच पाहायचे नसते.

३/१४
आधी पहिले मत. ऑगस्ट १६७९ मध्ये, ऐन पावसाळ्यात, मायनाक भंडारी सुमारे दीडशे माणसे आणि चार लहान तोफा घेऊन खांदेरीवर उतरले आणि तटबंदीचे काम सुरू झाले. ज्या ऋतूत जाणता दर्यावर्दीही होडी किनाऱ्याला ओढून ठेवतो, तो ऋतू मुद्दाम निवडला होता. मोठी जहाजे तेव्हा वेढा घालू शकत नव्हती.

४/१४
मुंबईकर इंग्रज हादरले. खांदेरी मुंबईच्या हद्दीत मोडते, असा दावा त्यांनी पुढे केला. सप्टेंबरात त्यांच्या होड्या बेटाभोवती फिरू लागल्या. त्याच महिन्यात बेटावर उतरण्याचा प्रयत्न अंगलट आला आणि लेफ्टनंट थॉर्प मारला गेला.

५/१४
ऑक्टोबरात दौलतखानाच्या नेतृत्वाखाली मराठी आरमार चालून आले. 'डव्ह' ही इंग्रजांची गुराब मराठ्यांच्या हाती पडली. मात्र 'रिव्हेंज' या जहाजाने एकट्याने तग धरला आणि मराठी गलबते नागोठण्याच्या खाडीकडे परतली. हा तपशील गाळून विजयगाथा सांगणाऱ्यांनी इतिहासाची सेवा केलेली नाही, कारण खरा पराक्रम त्यानंतरचा आहे.

६/१४
इंग्रजांच्या जोडीला सिद्दीचे आरमार आले. तरीही उथळ पाण्यातून सरपटणाऱ्या लहान मराठी होड्या रात्रीच्या अंधारात धान्य, दारूगोळा आणि माणसे बेटावर पोहोचवीत राहिल्या. तट चढतच गेला. जानेवारी १६८० मध्ये इंग्रजांनी नाद सोडला. सिद्दीने शेजारची उंदेरी बळकावली, पण खांदेरी हलली नाही.

७/१४
एवढ्याशा खडकासाठी इतका आटापिटा का? कारण दक्षिणेकडून मुंबई बंदरात शिरणारे प्रत्येक जहाज येथून नजरेच्या टप्प्यात येते. १७१८ मध्ये गव्हर्नर बून याच्या आरमाराने कान्होजी आंग्रे यांच्याकडून हे बेट हिसकावण्याचा प्रयत्न केला, तो याच कारणाने. तोही फसला.

८/१४
१८६७ चा दिवाही याच कारणाने येथे लागला. अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात मुंबईचा कापूस व्यापार फोफावला होता. १८६९ मध्ये सुएझ कालवा खुला झाला. चौलपासून मुंबईपर्यंतच्या खडकाळ समुद्रात येणाऱ्या जहाजांना दिशा दाखवील अशी उंच जागा हवी होती. ती जागा मराठ्यांनी १८८ वर्षे आधीच हेरली होती.

९/१४
तेव्हा 'देणगी' हा शब्द मागे घ्यावा. दीपस्तंभ हा व्यापाराचा खर्च असतो आणि तो व्यापारातूनच वसूल होतो. १९२७ च्या कायद्यात बंदरात येणाऱ्या जहाजांकडून दीपशुल्क घेण्याची तरतूद होती, ती उगाच नव्हे.

१०/१४
आता दुसरे मत. दिव्याला कलंक म्हणणाऱ्यांनी एकदा रात्री मासेमारीहून परतणाऱ्या कोळ्याशी बोलावे. दिवा कोणी लावला हे अंधारात कोणी विचारत नाही. खडक कुठे आहे, एवढेच विचारतो. वाती कापणारे, काचा पुसणारे आणि पावसाळ्यात किनाऱ्यापासून तुटून राहणारे दीपपाल कोणत्याच बखरीत नाहीत. त्यांच्या श्रमाला कलंक म्हणणे हा कृतघ्नपणा आहे.

११/१४
खांदेरी कधीच एका काळाची नव्हती. तेथे वेताळाचे देऊळ आहे आणि त्याच्यावर कोळी समाजाची श्रद्धा आहे. ठोकल्यावर धातूसारखा नाद देणारा खडक आहे. चाकांच्या गाड्यांवर बसविलेल्या तोफा आहेत. या सर्वांच्या मधोमध दिवा आहे. यातले एक काढून टाकले तर उरलेल्याचा अर्थ लागत नाही.

१२/१४
आणि नाव? इंग्रजांनी उंदेरी-खांदेरीचे 'हेनरी-केनरी' केले, त्याला सगळे हसतात. १९९८ मध्ये बेटाला सरखेल कान्होजी आंग्रे यांचे नाव दिले गेले. कान्होजींच्या थोरवीबद्दल दुमत नाही. पण १६७९ च्या पावसाळ्यात येथे दगड रचणारे ते नव्हते. एका थोर पुरुषाच्या नावाखाली मायनाक भंडारी, दौलतखान आणि शेकडो अनाम खलाशी झाकले जाणार असतील, तर तो गौरव कोणाच्या वाट्याचा घेऊन दिला, हे विचारलेच पाहिजे.

१३/१४
जुने नाव अडचणीचे होते म्हणावे, तर तसेही नाही. नौदलाने १९६८ मध्ये आणि पुन्हा २०१९ मध्ये आपल्या पाणबुडीला 'खांदेरी' हेच नाव दिले. जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांच्या बारा दुर्गांना जागतिक वारशाचा दर्जा दिला, त्या यादीतही 'खांदेरी'च आहे. जगाला जे नाव सांगताना अभिमान वाटतो, तेच बेटावर का नको?

१४/१४
वारसा म्हटला की पर्यटक येतात आणि त्यांच्यासाठी फलक लागतात. सहलीला आलेली मुले जे फलकावर वाचतील, तोच पुढे इतिहास ठरेल. म्हणून मागणी साधी आहे. फलकावर खांदेरी हे नाव असावे. मायनाक भंडारींचे नाव कान्होजींच्या आधी यावे, कारण ते आधी आले. ऑक्टोबरातली माघार आणि जानेवारीतले यश, दोन्ही लिहावे. आणि १८६७ पासून हा दिवा तेवत ठेवणाऱ्यांसाठी एक ओळ राखावी. एवढ्यासाठी कोणाचाही पुतळा हलवावा लागत नाही.