चार अक्षरांतली एक बाई

‘एसएनडीटीला होते’ असं आपल्यातल्या कितीतरी जणी सहज सांगतात. मध्यंतरी एका शिबिरात मी विचारलं, या चार अक्षरांतलं बाईचं अक्षर कोणतं? बऱ्याच जणी गप्प. श्रीमती नाथीबाई दामोदर ठाकरसी. पहिलं अक्षर मानाचं, तिसरं नवऱ्याचं, चौथं घराण्याचं. नाथीबाईंचं स्वतःचं एवढं एकच.

नाव दिलं मुलानं. सर विठ्ठलदास ठाकरसी (१८७३-१९२२) मुंबईचे गिरणीमालक. महापालिकेत होते, पुढे इलाख्याच्या आणि मध्यवर्ती कायदेमंडळातही गेले. कर्व्यांनी १९१६ साली सुरू केलेल्या महिला विद्यापीठाला त्यांनी १९२० मध्ये १५ लाख रुपये देऊ केले. नुसतं व्याजच वर्षाला ५२,५०० रुपये. विद्यापीठाला आईचं नाव द्यायचं, ही अट. वर्गणीसाठी गावोगाव फिरणाऱ्या कर्व्यांना केवढा आधार वाटला असेल!

पण हा पैसा आला कुठून? हिंदुस्थान मिल, क्राऊन मिल या ठाकरसींच्या गिरण्या. त्या काळी मुंबईच्या गिरण्यांत रीलिंग आणि वाइंडिंग खात्यांत मुख्यतः बायकाच राबत. पगार साच्यावरच्या पुरुषांपेक्षा कमी, घरी पोरं, आणि अक्षरओळख बहुतेकींना नाहीच. विद्यापीठाची पायरी त्यांच्यासाठी नव्हती. तरी त्या १५ लाखांत त्यांच्या हातांचा वाटा आहे, असं मला ठामपणे वाटतं.

म्हणून दान खोटं ठरत नाही. घर सांभाळून, मातृभाषेतून शिकलेल्या बायकांच्या पिढ्या त्यातून उभ्या राहिल्या. विठ्ठलदासांच्या मागे त्यांच्या पत्नी प्रेमलीलाबाई याच विद्यापीठाच्या कुलगुरू झाल्या. विधवांच्या आश्रमापासून सुरू झालेल्या कर्व्यांच्या कामात एका विधवेनं त्या खुर्चीत बसणं मला फार मोलाचं वाटतं. (लोक मात्र त्यांना ‘लेडी ठाकरसी’ म्हणत. इथंही नाव नवऱ्याचंच.)

विठ्ठलदासांचं चरित्र सांगताना दानाचा आकडा सगळे सांगतात. रीलिंग खात्याचा उल्लेख मी तरी कुठल्या भाषणात ऐकलेला नाही. गिरणगावात काम करणाऱ्या गटांना एवढीच विनंती : वस्तीत ज्यांच्या आज्या, पणज्या या दोन गिरण्यांत होत्या, त्यांच्याकडे जाऊन बसा आणि नावं लिहून घ्या. नवऱ्याचं नाव न लावता, बाईचं स्वतःचं.