गाळ उपसावा कीं वरच अडवावा ?

पावसाळा तोंडावर आला म्हणजे नाल्यांतील गाळाची चर्चा आमच्या उपनगरांत नेमानें सुरू होते. यंत्रें येतात, गाळ निघतो, बिलें चुकतीं होतात, आणि पाऊस सरतो न सरतो तोंच नाला पुनः भरलेला दिसतो. गाळाच्या वजनाविषयीं वाद पुष्कळ झाले. मे 2025 मध्यें मिठीच्या गाळासंबंधानें फौजदारी गुन्हाही नोंदला गेला. त्याचा निवाडा न्यायालय करील. आमचा प्रश्न त्याहून साधा आहे. हा गाळ दुकानाच्या पायरीपर्यंत येईतों आपण वाट कां पाहतों ?

दहिसर, पोयसर व ओशिवरा ह्या नद्या बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानाच्या डोंगरांत उगम पावतात. मिठीला विहार व पवई तलावांच्या सांडव्याचें पाणी मिळतें. नाल्यांत सांचणारें प्लास्टिक, बांधकामाचा राडारोडा व सांडपाण्याचा चिखल हें सर्व शहराचेंच कर्तृत्व होय. तें डोंगराच्या माथीं मारणें अन्यायाचें होईल. परंतु जेथें गवत जळालें, पायवाटा रुळल्या किंवा जंगलाची कड वस्तीनें कुरतडली, तेथें पाऊस उघडी माती वाहून नेतो. बोटभर ओघळीची चार पावसाळ्यांत घळ होते, तळ खचतो, कांठ ढांसळतात, आणि ती माती तलावांत व नद्यांत येते.

ह्यावरचा उपाय देशावरचा शेतकरी जाणतो. तो म्हणजे अनघड दगडांचा बांध. चुना नको, सिमेंट नको. ओघळीच्या तळांत व दोन्ही कांठांत पाया खोदून दगड घट्ट रोवावे. उंची एक मीटरच्या आंतबाहेर असावी. मोठे दगड पाणी पडण्याच्या बाजूस ठेवावे, म्हणजे लहान निसटत नाहींत. बांधाचा मध्य बाजूंपेक्षां खोलगट हवा. नाहींतर पाणी कडेनें वाट काढून कांठच पोखरतें. पडत्या पाण्यानें तळ उखडूं नये म्हणून खालीं दगडांचा थर पसरावा. खालच्या बांधाचा माथा वरच्या बांधाच्या पायथ्याशीं समपातळींत येईल इतक्या अंतरावर बांधांची ओळ घालावी. पाणी दगडांच्या फटींतून झिरपत जातें, त्याचा वेग मोडतो, माती मागें बसते आणि तींत गवत धरतें.

सरकारनें पलटणींतील व पोलिसांतील रिकाम्या शिपायांकडून असे ताली-बंधारे घालून घ्यावे, ही सूचना जोतीराव फुल्यांनीं 'शेतकऱ्याचा असूड' ह्या 1883 सालच्या ग्रंथांत केली होती. कान्हेरीच्या भिक्षूंनीं तर ह्याच डोंगरांत पावसाचें पाणी धरण्यासाठीं खडकांत पोढी खोदल्या. युक्ति नवी नाहीं. ती करणाऱ्याचा धनी मात्र ठरलेला नाहीं.

खरी अडचण येथेंच आहे. डोंगर वनखात्याचा आणि खालचा नाला महापालिकेचा. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या 35 व्या कलमाप्रमाणें राष्ट्रीय उद्यानांतील प्रवाह अडविण्यास वा वळविण्यास मुख्य वन्यजीव रक्षकाचा परवाना लागतो. तो निर्बंध योग्यच आहे. हौशी मंडळींनीं रविवारीं जाऊन दगड रचावे असें आम्ही सुचवीत नाहीं. पण 1860 चा विहार व 1879 चा तुळशी हे तलाव महापालिकेचेच आहेत व ते त्याच जंगलांत आहेत. आपल्या तलावांत माती उतरूं नये म्हणून तिनें वनखात्याकडे रीतसर अर्ज करावा व खर्च सोसावा, ह्यांत कायद्याची कोणती आडकाठी आहे ?

अपेक्षा मात्र बेताची असावी. 26 जुलै 2005 रोजीं सांताक्रूझला 24 तासांत 944 मिलिमीटर पाऊस पडला. असल्या पुरापुढें दगडी बांधांचें कांहीं चालत नाहीं. मोठ्या नदीच्या पात्रांत ते घालूंच नयेत, दगड पात्रांतून उचलून आणूं नयेत, आणि दर पावसाळ्यानंतर ढळलेले दगड पुनः बसवावे. फीत कापण्यासारखें ह्या कामांत कांहीं नसल्यामुळें तें मागें पडतें कीं काय, अशी आम्हांस शंका आहे.

दिवाळीनंतर ओहळ आटतात. तेव्हां दोन्ही खात्यांच्या अधिकाऱ्यांनीं मिळून तुळशीच्या वरचा एकच ओहळ निवडावा, बांधांची ओळ घालावी, आणि पुढील पावसाळ्यानंतर प्रत्येक बांधामागें किती माती बसली तें मोजून तो आंकडा प्रसिद्ध करावा. खालीं उपसलेल्या गाळाच्या दराशीं तो ताडून पाहण्यास आमचा व्यापारी वर्ग समर्थ आहे.