मागच्या चाकांकडे कोण बघतो?

ईदच्या तिसऱ्या दिवशी आम्ही धडगावला आपांकडे गेलो होतो. संध्याकाळच्या आत नंदुरबारला परतायचे म्हणून असर होताच निघालो. गाडीत अब्बा, अम्मी, दोन मुले आणि आपांनी बळेच दिलेली आमचुराची पिशवी. चांदसैली घाटाची उतरण सुरू झाली. चार-पाच वळणे झाली असतील, तोच अम्मी म्हणाल्या, "काहीतरी जळतंय." आम्ही काच खाली केली. वास आमच्याच गाडीचा होता. पुढच्या वळणावर ब्रेक दाबला, तर पेडल नेहमीपेक्षा खाली गेले आणि पायाला मऊ लागले.

दुसरा गिअर टाकला, हळूहळू रस्त्याच्या रुंद जागी आलो आणि डोंगराच्या अंगाला गाडी उभी केली. चाकांना दगड लावले. पुढच्या चाकांजवळ हात नेववत नव्हता. मागचे उजवे कोमट होते आणि मागचे डावे अगदी गार. सगळा रोग त्या गार चाकात होता, पण आमचे सगळे लक्ष तापलेल्या चाकांकडे. अर्धा-पाऊण तास थांबलो, पेडल पुन्हा कडक झाले, आणि तळोद्यापर्यंत दुसऱ्या-तिसऱ्या गिअरमध्येच आलो. गाडीत कोणी बोलत नव्हते. हातोड्याच्या पुलावर तापी दिसली, तेव्हा कुठे मुलांनी तोंड उघडले.

चांदसैलीचे नाव आमच्या जिल्ह्यात कोणी सहज घेत नाही. ऑक्टोबर 2025 मध्ये अस्तंबा यात्रेहून परतणाऱ्या भाविकांची पिकअप याच घाटात कोसळली आणि कितीतरी घरे उजाडली. त्या अपघातात ब्रेकचा दोष होता असे आम्ही म्हणत नाही. ते तपासणाऱ्यांचे काम. पण मोलगीला जायचे तर देवगोई, तोरणमाळला सातपायरी, सुरत महामार्गाने धुळ्याकडे जायचे तर कोंडाईबारी, असा आमचा मुलूख आहे. इथे ब्रेक ही सगळ्या घराची बाब आहे. एकट्या चालवणाऱ्यावर सोडून भागत नाही.

योगायोग असा की, त्याच आठवड्यात अक्कलकुव्याच्या एका वाचक भगिनींचे पत्र आले होते : "गाडीचे मागचे ब्रेक पॅड घरच्या घरी बदलता येतात का? आमचे हे म्हणतात, येतात. मला भीती वाटते." या महिन्याचे सदर त्यांच्यासाठी. दोघांचेही थोडे थोडे बरोबर आहे.

आधी एक गोष्ट. आपल्याकडच्या बहुतेक छोट्या गाड्यांत, म्हणजे अल्टो, वॅगनआर, ईको अशा गाड्यांत, मागे पॅड नसतातच. पुढे डिस्क आणि पॅड, मागे ड्रम आणि त्याच्या पोटात दोन अर्धगोल ब्रेक शू. त्या शूंवर घासणारा जो थर असतो, त्याला गॅरेजात लायनर म्हणतात. ब्रेक दाबला की गाडीचे वजन पुढे झुकते, म्हणून थांबवण्याचे निम्म्याहून बरेच जास्त काम पुढची चाके करतात. पुढचे पॅड लवकर झिजतात, बरेचदा आवाज करून सांगतात, चाकाच्या फटीतून दिसतातही. मागचे शू बंद डब्यात असतात. ते सावकाश झिजतात, दिसत नाहीत, आणि बिघडले तरी सपाट रस्त्यावर पुढचे पॅड त्यांचे काम निभावून नेतात. घाटात मात्र तेवढ्याने भागत नाही.

आमच्या घरी काय झाले ते सांगितलेच पाहिजे, जरी अब्बांना ते आवडणार नाही. गेल्या सहा-सात महिन्यांत डॅशबोर्डवरचा लाल दिवा तीनदा लागला होता. गोलात उद्गारचिन्ह असलेला तो दिवा. हँडब्रेक ओढलेला असला तरी तोच लागतो आणि ब्रेक ऑइल कमी झाले तरी तोच. अब्बांनी तिन्ही वेळा बॉनेट उघडून ऑइलची बाटली ओतली. दिवा विझला. अब्बांना वाटले, गाडीची काळजी घेतली. आम्हांलाही तेच वाटले, आम्ही कोण त्यांना नावे ठेवणार!

पण ब्रेक ऑइल इंजिन ऑइलसारखे जळत नाही. ते कमी होते ते दोनच कारणांनी. एक तर पॅड आणि लायनर झिजले, म्हणून पिस्टन बाहेर सरकले आणि मागे ऑइल भरले गेले. नाहीतर कुठेतरी गळती आहे. दिवा हेच सांगत होता. आम्ही बाटली ओतून त्याचे तोंड बंद केले, तेही तीनदा.

रविवारी सकाळी अंगणात गाडी घेतली. गल्लीतले एक जुने मिस्त्री आहेत, सगळे त्यांना उस्ताद म्हणतात. आता गॅरेज मुलाकडे आहे, ते खुर्ची टाकून बसतात. ती खुर्ची आम्ही आमच्या अंगणात आणली. अट अशी की, हात आमचे आणि डोळे त्यांचे. अक्कलकुव्याच्या भगिनींना आमचा पहिला सल्ला हाच : पहिल्या वेळी जाणकार माणूस समोर बसलेला असावा. नंतर घरचे लोक हे काम नक्की शिकतात. आमच्या धाकटीने उजवी बाजू जवळजवळ एकटीने केली. ती अकरावीत आहे.

जागा सपाट आणि टणक हवी. आमच्या अंगणात फरशी आहे. मातीत जॅक रुततो. पुढच्या दोन्ही चाकांना मागून-पुढून दगड किंवा लाकडी गुटके लावायचे, गाडी गिअरमध्ये ठेवायची, आणि हँडब्रेक सोडायचा. इथेच लोक अडतात. हँडब्रेक मागच्या शूंनाच ओढतो. तो लावलेला असेल तर ड्रम काही केल्या निघत नाही. चाकाचे नट गाडी जमिनीवर असतानाच थोडे सैल करायचे, मग जॅक लावायचा. जॅक गाडी उचलण्यासाठी असतो, धरून ठेवण्यासाठी नव्हे. धरायला घोडी, म्हणजे लोखंडी स्टँड हवा. उस्तादांच्या गॅरेजातून आणला. शिवाय काढलेले चाक गाडीखाली आडवे सरकवून ठेवले. जॅक निसटला तर गाडी चाकावर बसेल, कोणाच्या छातीवर नाही. आणि लहान मुले अंगणाबाहेर. याबाबतीत उस्तादांनी अम्मींचेही ऐकले नाही. नातवाला बघायचे होते, त्याला खिडकीतून बघायला लावले.

ड्रम काढताना पहिला निर्णय करावा लागतो. काही गाड्यांत चाक निघाले की ड्रम नुसता ओढून निघतो. अडला तर त्याच्यावर दोन आट्यांची भोके असतात. त्यांत बोल्ट सारखे सारखे आवळत गेले की तो सरकतो, वरून लाकडी हातोडीचे हलके टोले. पण आमच्यासारख्या काही जुन्या गाड्यांत मधोमध टोपीखाली मोठा नट असतो आणि बेअरिंग ड्रमबरोबरच येते. तो नट किती आवळायचा याचे माप असते, पुष्कळदा नवाच टाकावा लागतो. कमी आवळला तर चाकच सैल. तशी गाडी असेल तर हे काम घरी करू नये, असे आमचे स्पष्ट मत आहे. आमचा नट उस्तादांच्या मुलाने येऊन, मापाच्या पान्याने उघडला आणि लावला.

ड्रम निघाला की आत काळी भुकटी असते. फुंकर मारायची नाही, पंपाची हवाही मारायची नाही. ॲस्बेस्टॉसवर आपल्या देशात अजून सरसकट बंदी नाही; जुन्या किंवा स्वस्त लायनरमध्ये ते असू शकते. त्याचे तंतू फुप्फुसात गेले तर आजार वीस-तीस वर्षांनी डोके वर काढतो. तोंडाला मास्क बांधा, साबणाच्या पाण्याने भुकटी ओली करा, फडक्याने पुसा आणि ते फडके पिशवीत बांधून टाका. ते धुवायला घरात नेऊ नका. उस्ताद ऐकून हसले, म्हणाले, "आम्ही चाळीस वर्षं फुंकत आलो." आणि मग खोकले. पुढे कोणी काही बोलले नाही.

उजवा ड्रम उघडला. लायनर झिजलेले, पण कोरडे. धातूवरचा थर 1 मिलिमीटरच्या आसपास आला की शू बदलायचे, असा सर्वसाधारण हिशेब. नेमके माप गाडीच्या पुस्तिकेत असते. आमचे त्याच्याही काठावर होते. मग डावा उघडला आणि सगळे उलगडले. आतली बाजू ओलीचिंब. वरच्या छोट्या व्हील सिलिंडरचे रबर गेलेले, ब्रेक ऑइल थेंब थेंब लायनरवर उतरत होते. अब्बांनी ओतलेल्या बाटल्या इथे आल्या होत्या. ऑइलने भिजलेला लायनर ड्रमला धरत नाही, म्हणून ते चाक घाटातही गार राहिले. त्याचा सगळा भार पुढच्या पॅडांवर पडला, ते तापले, आणि जुने झालेले ऑइल त्या उष्णतेने आत उकळू लागले. पेडल मऊ लागले ते त्यामुळे. ब्रेक ऑइल हवेतली ओल शोषते, म्हणून साधारण दोन वर्षांनी ते पूर्ण बदलायचे असते. वरून भर घातली म्हणजे बदलले असे होत नाही.

अब्बा खुर्चीजवळ उभे होते. बराच वेळ बघत राहिले. मग एवढेच म्हणाले, "गाडीत पोरं होती, बेटा."

भिजलेला लायनर पेट्रोलने धुऊन, काच पेपर मारून पुन्हा लावणारे आहेत. लावू नये. ऑइल आत मुरलेले असते, तापले की पुन्हा वर येते. आणि एका बाजूचे खराब झाले तरी शू दोन्ही बाजूंचे बदलायचे, नाहीतर ब्रेक मारताना गाडी एका अंगाला ओढते.

शू बदलणे ही खरे तर स्प्रिंगांची कसरत आहे. कोणती स्प्रिंग कुठल्या भोकात, कोणता शू पुढे, कोणता मागे, हे विसरायला दोन मिनिटे लागतात. काही गाड्यांत दोन शूंचे लायनर सारख्या लांबीचेही नसतात. म्हणून उघडल्या उघडल्या मोबाइलवर फोटो, आणि एका वेळी एकच बाजू. दुसरी बाजू नमुना म्हणून तशीच ठेवायची. आमच्या धाकटीने फोटो काढले होते, तरी एक स्प्रिंग उलटी बसली. उस्तादांनी ती स्वतः काढून दिली नाही. "पुन्हा बघ," म्हणाले. तिने फोटो मोठा केला, पाहिले आणि काढली. डोळ्यांवर चष्मा हवाच, स्प्रिंग उडते.

मागच्या पत्र्यावर शू जिथे टेकतात, तिथे ग्रीसचे अगदी टिपूस लावायचे. ते बोट लायनरला लागता कामा नये. नवे शू जाड असतात, त्यामुळे ड्रम बसत नाही. मधला ॲडजस्टर फिरवून आखूड करावा लागतो. ड्रम बसल्यावर हाताने फिरवला की किंचित घासल्याचा आवाज यावा, अडकू नये. जोर करून पिस्टन आत ढकलले आणि बॉनेटखालची टाकी काठोकाठ भरलेली असेल, तर ऑइल बाहेर सांडते आणि गाडीचा रंग खाते. आधी झाकण उघडून बघा, जास्तीचे काढून घ्या. आणि त्या टाकीत चुकूनही इंजिन ऑइल किंवा खाण्याचे तेल ओतू नका. सगळी रबरे फुगतात.

डाव्या बाजूचे व्हील सिलिंडर मात्र आम्ही बदलले नाही. ऑइलची नळी उघडली की आत हवा शिरते, ती काढताना चुकले तर पेडल थेट खाली जाते. गॅरेजमधून सिलिंडर बदलून, सगळे ऑइल नवे भरून, हवा काढून घेतली. आमच्या मते घरच्या कामाची हद्द इथेच आहे : नळी उघडायची नाही.

ज्यांच्या गाडीत मागेही डिस्क आणि पॅड आहेत, त्यांना दोन सूचना. पुढच्या चाकाचा पिस्टन शिकंजाने सरळ आत दाबता येतो. मागच्यात हँडब्रेक त्याच पिस्टनला जोडलेला असेल तर तो दाबत दाबत फिरवावा लागतो. सरळ दाबला तर आतली रचना मोडते आणि पॅडांच्या खर्चात कॅलिपरचा खर्च येतो. आणि हँडब्रेक बटणाचा असेल, तर आधी त्याची मोटर यंत्र लावून मागे घ्यावी लागते. तिथे घरी हात घालूच नका.

काम झाल्यावर गाडी सुरू करण्याआधी पेडल आठ-दहा वेळा दाबायचे. ते कडक झाल्याशिवाय चाक हलवायचे नाही. मग मोकळ्या मैदानात, पायी चालण्याच्या वेगाने पहिली चाचणी, आणि छोट्या चढावर हँडब्रेकची. आम्ही ईदगाहच्या मैदानावर फिरवली. नवे लायनर ड्रमला बसायला दोनेकशे किलोमीटर लागतात, तोपर्यंत घाट टाळला.

आणि घाटाबद्दल एक. ज्या गिअरमध्ये चढलात, त्याच गिअरमध्ये उतरा. पेट्रोल वाचते म्हणून उतरणीला न्यूट्रल करणारे, इंजिनच बंद करणारे आम्ही पाहिले आहेत. इंजिन बंद झाले की ब्रेकला मिळणारी हवेच्या दाबाची मदत दोन-तीन वेळा दाबण्यापुरतीच उरते. त्यानंतर पेडल दगडासारखे होते.

तीन आठवड्यांनी पुन्हा धडगावला गेलो. उतरताना दुसऱ्या गिअरमध्ये आलो, मागून एका जीपने हॉर्न वाजवून वाजवून हैराण केले. तिला पुढे जाऊ दिले. त्याच रुंद जागी गाडी थांबवून धाकटीने चारही चाकांजवळ हात नेऊन पाहिला. मागची दोन्ही सारखीच कोमट होती. अब्बा बॉनेट उघडून टाकीची रेघ बघत उभे होते. बाटली त्यांनी घरीच ठेवली होती.