उंबऱ्यावर पावडर टाकण्याआधी मुंगी बघा

मंडळी, झड लागली की मुंग्या घरात शिरतात आणि शेतातली उरलेली पावडर थेट उंबऱ्यावर पडते. धान्याच्या पोत्यांशेजारी, रांगतं लेकरू असलेल्या घरात! मला हे अजिबात पटत नाही. आधी मुंगी कोणती ते बघा की.

मोठा काळा मुंगळा गुळासाठी येतो. गूळ झाका, सांडलेलं पुसा. लांब पायांची, सैरावैरा पळणारी काळी मुंगी सहसा चावत नाही. तांबडी मात्र डंख मारते, आग होते. तिचं बीळ अंगणात शोधून उकळतं पाणी ओता. सगळ्यात चिवट म्हणजे डब्यातली बारीक पिवळसर मुंगी. एका वसाहतीत राण्या अनेक, त्यामुळं फवारलं की वसाहत फुटून चार जागी बसते. तिला १०० मिली साखरपाण्यात १ ग्रॅम बोरिक पावडर द्या, लेकरांच्या हाताला लागणार नाही अशा जागी. जास्त घातली तर घरट्यात न्यायच्या आधीच मरते.

अन् पहिल्या पावसात दिव्याभोवती पंखवाले किडे आले तर कंबर बघा. बारीक असेल, मिशा कोपरासारख्या वाकलेल्या असतील, तर मुंगी. कंबर जाड आणि चारही पंख सारखे, तर वाळवी. मग चौकटी लगेच ठोकून बघा.