रंगभूमीवरील पंक्तिप्रपंच

कलेला जात नसते, कलेला वर्ण नसतो, हे वाक्य आमच्या सभासंमेलनांतून इतक्या वेळा उच्चारले जाते की, ते खरे आहे की नाही हे तपासून पाहण्याची गरजच कोणाला वाटेनाशी झाली आहे. ध्येय म्हणून ते वाक्य आम्हांस शिरोधार्य आहे. परंतु घडून चुकलेली वस्तुस्थिती म्हणून जेव्हा ते सांगितले जाते, तेव्हा त्याचा प्रतिवाद करणे आम्ही आमचे कर्तव्य समजतो. त्यासाठी आज आम्ही साता समुद्रांपलीकडच्या एका नटाचे चरित्र वाचकांपुढे ठेवीत आहोत. त्या नटाचे नाव मिल्टन गोन्साल्विस. देश ब्राझील.

नाव ऐकताच आमच्या साष्टी-बारदेशच्या वाचकाला ते परके वाटणार नाही. एकाच पोर्तुगीज राजसत्तेने दोन खंडांत पेरलेली ही नावे आहेत. ब्राझील त्या सत्तेतून १८२२ साली मुक्त झाला, गोमंतक १९६१ साली. परंतु ब्राझील स्वतंत्र झाला तरी तेथील गुलाम स्वतंत्र झाला नाही. आफ्रिकेतून सुमारे ४८ लाख माणसे गलबतांच्या तळाशी कोंबून त्या देशाच्या किनाऱ्यावर उतरविण्यात आली होती. त्यांच्या वंशजांना मुक्त करणारा कायदा झाला तो १३ मे १८८८ रोजी. दोन्ही अमेरिका खंडांत गुलामगिरी सर्वांत शेवटी सोडणारा देश हाच. कायद्याने बेड्या तोडल्या. जमीन दिली नाही, शाळा दिली नाही. ज्या मळ्यांत बाप राबला त्याच मळ्यांत मुलगा मजूर म्हणून राबू लागला.

त्या कायद्यानंतर पंचेचाळीस वर्षांनी, ९ डिसेंबर १९३३ रोजी, मीनास जेराइस प्रांतातील मोन्ते सान्तो या लहानशा गावी, कॉफीच्या मळ्यांत राबणाऱ्या एका कृष्णवर्णीय कुटुंबात मिल्टन जन्मले. कुटुंब पोट भरण्यासाठी साओ पाउलो या महानगरात आले. मुलाने चांभाराच्या हाताखाली काम केले, शिंप्याच्या हाताखाली केले, छापखान्यात खिळे जुळविले. पुढे एक नाटक पाहण्यात आले आणि या तरुणाच्या आयुष्याने दिशा बदलली. हौशी मंडळ्यांतून तो आरेना नाट्यगृहात आला. आउगुस्तो बोआल आणि ज्यान्फ्रान्सेस्को ग्वार्निएरी या मंडळींनी तेथे कामगारांची, गरिबांची, देशातल्या मातीची नाटके उभी केली होती. तेथे हा तरुण नट म्हणून घडला. १९६५ च्या एप्रिलमध्ये रिओ येथे ग्लोबो ही दूरचित्रवाणी संस्था सुरू झाली, तेव्हा तिच्या अगदी पहिल्या नटसंचात त्यांचे नाव होते. त्या संस्थेशी त्यांचा संबंध अर्धशतकाहून अधिक काळ टिकला.

इथवरची हकीकत वाचून आमचे भाबडे मित्र म्हणतील, ‘पाहा, गुणांना वाव मिळालाच की नाही?’ त्यांनी थोडे पुढे वाचावे.

१९६९ साली याच ग्लोबोने हॅरिएट बीचर स्टो यांच्या टॉमकाकाच्या कथेवर मालिका काढली. टॉमकाका म्हणजे निग्रो गुलाम. कथेचा सगळा प्राण त्याच्या काळ्या कातडीत. ही भूमिका कोणाला द्यावी? संस्थेत मिल्टन गोन्साल्विस चार वर्षे काम करीत होते. परंतु भूमिका दिली गेली ती सर्जिओ कार्दोझो या गोऱ्या नटाला. त्यांचा चेहरा काळ्या रंगाने माखला, नाक रुंद दिसावे म्हणून नाकपुड्यांत बुचे घातली, आणि हा झाला गुलाम! एवढ्यावर भागले नाही. त्याच मालिकेत अब्राहम लिंकनची भूमिकाही त्याच नटाने केली. बेडी घालून घेणारा गोरा आणि बेडी तोडणाराही गोरा! टॉमकाकाची पत्नी मात्र रूथ द सौझा ही खरोखरीची कृष्णवर्णीय, थोर अभिनेत्री होती. पत्नी काळी सापडली, पती तेवढा सापडेना, यावर कोणी विश्वास ठेवावा? नाटककार प्लिनिओ मार्कोस यांनी वृत्तपत्रातून या प्रकारावर तोफ डागली. मालिका चालायची ती चाललीच.

येथे आमच्यातले रसिक एक आक्षेप घेतील, आणि तो आम्ही टाळू इच्छीत नाही. ‘बालगंधर्वांनी स्त्रीभूमिका केल्या, मग गोऱ्याने काळ्याची केली तर बिघडले काय? परकायाप्रवेश हीच तर नटाची विद्या!’ आक्षेप वजनदार आहे, पण अपुरा आहे. बालगंधर्वांच्या कलेला आमचा साष्टांग नमस्कार. तरीही त्यांच्या ऐन बहराच्या काळी कुलीन म्हणविणाऱ्या स्त्रीला रंगभूमीचे दार बंद होते, ही गोष्ट कोणी भूषण म्हणून सांगत नाही. परकायाप्रवेशाची विद्या दोन्ही बाजूंनी चालत असती तर आमचे भांडणच नव्हते. काळ्या नटाला गोरा रंग लावून लिंकन केले असते, तर आम्हीही टाळ्या वाजविल्या असत्या. ज्या दारातून एकानेच ये-जा करायची, त्या दाराला कलेचे स्वातंत्र्य म्हणत नाहीत. सर्जिओ कार्दोझो हे मोठ्या योग्यतेचे नट होते. दोष त्यांच्या अभिनयाचा नव्हे, भूमिका वाटणाऱ्या हाताचा आहे.

देवळाच्या समाराधनेस बसणाऱ्या आमच्या वाचकांना पंक्तिप्रपंच हा शब्द समजावून सांगावा लागणार नाही. पात्र सर्वांपुढे मांडायचे, पण तूप एकाच्या भातावर आणि दुसऱ्याच्या पात्रावर नुसती आमटी; यालाच पंक्तिप्रपंच म्हणतात. ब्राझीलच्या दूरचित्रवाणीने मिल्टन यांना पंक्तीला बसविले, हे खरे. वाढले काय, ते पाहिले पाहिजे.

१९७३ साली दियास गोमेस यांच्या ‘ओ बें आमादो’ या मालिकेत त्यांनी झेलांव नावाचा कोळी रंगविला. अंगाला पंख बांधून उडण्याचे वेड घेतलेला हा गरीब माणूस. शेवटी तो देवळाच्या मनोऱ्यावरून झेप घेतो आणि खरोखरीच उडतो! देशात १९६४ पासून लष्करी राजवट होती. ‘कर्नल’, ‘कॅप्टन’ हे शब्ददेखील त्या मालिकेतून नियंत्रकांनी कापून टाकायला लावले. अशा काळात एक काळा कोळी आकाशात उडाला, आणि ते उड्डाण लोकांच्या मनात घर करून राहिले. तरीही पदर कोळ्याचाच. सेवक, गुलाम, कोळी, गुंड: काळ्या नटाच्या वाट्याला येणाऱ्या भूमिकांची यादी एवढ्यात संपत असे.

मिल्टन यांनी जे केले ते येथे ध्यानात घेण्याजोगे आहे. ते रुसून घरी बसले नाहीत, आणि मिळेल ते मुकाट्याने गिळलेही नाही. लेखिका जानेते क्लेर यांच्याकडे त्यांनी सरळ मागणी केली: मला कोट-टाय घालणारा, हातात पेटी घेऊन कामावर जाणारा, शिकलेला माणूस रंगवायचा आहे. त्यातून १९७५ च्या ‘पेकादो कापिताल’ मालिकेतला मनोविकारतज्ज्ञ डॉक्टर पेर्सिव्हाल जन्माला आला. वाचकहो, विचार करा. निम्म्याहून अधिक लोक कृष्ण वा मिश्र वर्णाचे असलेल्या देशात एका श्रेष्ठ नटाला स्वच्छ कपडे आणि विद्या यांची मागणी करावी लागते, आणि ती मान्य होणे हा दूरचित्रवाणीच्या इतिहासातला प्रसंग ठरतो! एवढी एकच गोष्ट ‘कलेला वर्ण नसतो’ या वाक्याचा निकाल लावावयास पुरेशी आहे.

दिग्दर्शक म्हणूनही त्यांचे कर्तृत्व लहान नव्हते. १९७० च्या ‘इर्मांव्स कोराजें’ या गाजलेल्या मालिकेत त्यांनी भूमिका केली आणि दिग्दर्शनातही वाटा उचलला. १९७६ साली ‘दासी इझाउरा’ ही मालिका निघाली. तिच्या दिग्दर्शकांतही ते होते. बेर्नार्दो गिमाराएस यांच्या १८७५ सालच्या कादंबरीवरील ही मालिका पुढे चीन, क्यूबा, पोलंड अशा कितीतरी देशांत गेली आणि कोट्यवधी लोकांनी तिच्यासाठी अश्रू ढाळले. पण कादंबरीतली ही दासी गोऱ्या वर्णाची आहे, आणि मालिकेतही ती गोऱ्याच अभिनेत्रीने केली. गुलामगिरीची कथा जगाने पाहिली, ती गोऱ्या चेहऱ्यावरच्या वेदनेतून. कॅमेऱ्यामागे मात्र गुलामांचा एक वंशज उभा होता. जगाचे हृदय द्रवावयास दासीचा चेहरा गोरा असावा लागतो, यावर आम्ही अधिक भाष्य करीत नाही.

दुसरा एक आक्षेप असा येईल की, इतिहासात काळे लोक गुलामच होते, तर ऐतिहासिक मालिकेत त्यांना राजे कसे करावे? इतिहास खोटा करा असे आम्ही म्हणत नाही. पण इतिहासात गुलामांबरोबर बंड करणारे होते, पळून जाऊन रानात स्वतःची वस्ती वसविणारे होते, लेखक होते, अभियंते होते. ब्राझीलचा श्रेष्ठ कादंबरीकार माशादो द आसिस हा मिश्रवर्णीय, आणि त्याचे आजोबा-आजी गुलामगिरीतून सुटलेले. इतिहासातून कोणती माणसे उचलायची हे इतिहास ठरवीत नाही. मालिका काढणारा ठरवितो.

पुढच्या काळात भूमिकांची कक्षा वाढली, हेही प्रामाणिकपणे नोंदविले पाहिजे. १९८५ च्या ‘रोके सान्तेइरो’मध्ये ते सरकारी वकील झाले, २००८ च्या ‘आ फाव्होरिता’मध्ये लाचखाऊ राजकारणी. १९८१ च्या, ग्वार्निएरींच्या नाटकावरून लिओन हिर्शमान यांनी काढलेल्या चित्रपटात त्यांनी ब्राउलिओ हा संयमी कामगार पुढारी केला. १९९४ साली तर ते रिओ द जानेरो प्रांताच्या राज्यपालपदासाठी निवडणुकीस उभे राहिले. यश आले नाही. परंतु आंतरराष्ट्रीय एमी पारितोषिकासाठी त्यांच्या नावाची निवड झाली, ती कोणत्या भूमिकेसाठी? २००६ च्या ‘सिन्या मोसा’मधील पाय जोझे या वृद्ध गुलामाच्या भूमिकेसाठी. सत्तरी उलटल्यावर, चाळीसहून अधिक मालिका केल्यावर, जगाने दाद दिली ती पुन्हा बेडीलाच. अभिनय उत्कृष्ट होता यात शंका नाही. पण डॉक्टर पेर्सिव्हालला जे मिळाले नाही ते पाय जोझेला मिळाले.

‘एक माणूस एवढा मोठा झाला, म्हणजे भेदभाव नाहीच’ असे म्हणणाऱ्यांसाठी एक गोष्ट पुरे. २०१८ साली, मिल्टन यांच्या पदार्पणानंतर त्रेपन्न वर्षांनी, ग्लोबोने बाहिया प्रांतात घडणारी मालिका काढली. बाहिया म्हणजे ब्राझीलमधील कृष्णवर्णीयांचे माहेरघर. तरी मालिकेतले प्रमुख नट बहुतेक गोरे! शेवटी कामगारहिताचे रक्षण करणाऱ्या सरकारी वकिलांना संस्थेला सूचनापत्र द्यावे लागले. अपवादाने नियम मोडत नसतो. अपवादाच्या आडून नियम सुखाने नांदत असतो.

आता आमच्या अंगणाकडे वळतो, कारण दूरच्या डोंगराला नावे ठेवणे सोपे असते. केसरबाई केरकर, मोगूबाई कुर्डीकर या गोमंतकाच्या लेकींनी हिंदुस्थानच्या संगीताला केवढे वैभव दिले! ज्या समाजात त्या जन्मल्या त्या समाजाने पिढ्यान्‌पिढ्या आमच्या देवळांत देवापुढे गायन-नर्तन केले. देवाच्या सेवेत त्यांचा सूर चालला. पण घरच्या पंक्तीत, सोयरिकीत, महाजनकीत त्यांना स्थान होते काय? गाणे आपले आणि गाणारी परकी, हा न्याय आमच्या पूर्वजांनी शतके चालविला. तो मोडला तो त्या समाजाने शिक्षणाच्या आणि स्वाभिमानाच्या बळावर. आमच्या औदार्याने नव्हे. ब्राझीलच्या गोऱ्या मालिकाकारांना हसण्यापूर्वी एवढे स्मरण ठेवणे बरे.

आमचे मागणे मोठे नाही. देवळाच्या उत्सवात अजून नाटके होतात, मुलांना भूमिका वाटल्या जातात. कोणाच्या मुलाला आपण राजा करतो आणि कोणाच्या मुलाच्या हाती फक्त चवरी देतो, हे महाजनांनी एकदा डोळे उघडून पाहावे. आवाज, पाठांतर, रूप यांवर निवड झाली असेल तर आमचे काही म्हणणे नाही. आडनावावर झाली असेल, तर नाटक कितीही रंगो, देवापुढे तो पंक्तिप्रपंचच झाला.

२०१९ च्या नाताळात ग्लोबोने एक विशेष कथा दाखविली. तीत एक विधुर, निवृत्त म्हातारा नाताळबाबाचा लाल झगा चढवितो. तो म्हातारा होता मिल्टन गोन्साल्विस. मुलांना भेटी वाटणारा तो दाढीवाला आजोबाही काळा असू शकतो, हे त्या देशाला पाहावयास मिळाले, तेव्हा या नटाचे वय ८६ झाले होते. ३० मे २०२२ रोजी रिओ येथे त्यांचे निधन झाले. अंत्यदर्शनासाठी त्यांचा देह शहराच्या म्युनिसिपल नाट्यगृहात ठेवण्यात आला. मृत्यूनंतरचा तो मान योग्यच होता. पण मान देणे मेलेल्या कलावंताच्या बाबतीत कोणत्याही समाजाला जड जात नाही. समाजाची कसोटी लागते ती कलावंत जिवंत असताना, भूमिका वाटण्याच्या वेळी.