गंगाधरपंत गायतोंडे यांचा वारसा कुणाकडे?

संक्रांत जवळ आली की आमच्या सातारा-सांगलीकडच्या महाविद्यालयांत पानिपतावरची व्याख्याने सुरू होतात. तारीखच तशी आहे, 14 जानेवारी 1761. अशा व्याख्यानांत अलीकडे हमखास एक नाव येते, गंगाधरपंत गायतोंडे यांचे. कुणीतरी वक्ता भरल्या गळ्याने सांगतो, 'विश्वासरावांना गोळी लागली नसती तर काय झाले असते, हे गंगाधरपंतांनी पाहिले आहे!' सभागृहात टाळ्या पडतात.

गंगाधरपंत कधी जन्मले नाहीत. ते डॉ. जयंत नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेतले इतिहासाचे प्राध्यापक. नारळीकर 20 मे 2025 रोजी गेले. त्यांचा हा मानसपुत्र मात्र व्यासपीठांवर जोरात आहे. एनसीईआरटीने 2006 साली ही कथा अकरावीच्या इंग्रजी पाठ्यपुस्तकात घेतली, त्यामुळे आमच्या कितीतरी विद्यार्थ्यांची त्यांच्याशी पहिली भेट इंग्रजीतच झाली. असो.

पानिपताचाच विचार डोक्यात घोळत असताना ट्रकची धडक बसते आणि पंत काळाच्या दुसऱ्याच फाट्यावर जाऊन पडतात. त्या जगात मराठे जिंकलेले आहेत, आणि मुंबईत ईस्ट इंडिया कंपनीचा कारभार अजून चालू आहे. आपला मुलगा जिथे नोकरीला आहे तिथे पंत चौकशी करतात. तिथे त्या नावाचा कुणी नाही. मग ते काय करतात? ग्रंथालयात जाऊन बसतात. स्वतःच्याच नावावरचा पाच खंडांचा इतिहास वाचतात आणि वाट नेमकी कुठे फुटली ते शोधतात. ती पानिपतावर फुटलेली असते. गोळी विश्वासरावांना चाटून गेली, असे सांगणारे बखरीचे एक पान फाटून त्यांच्या खिशात राहते आणि त्यांच्याबरोबर या जगात येते. पुढे त्यांचा मित्र राजेंद्र देशपांडे या प्रकाराचे वैज्ञानिक स्पष्टीकरण देतो. खरे सांगायचे तर तो भाग मला नेहमीच वर्गातल्या तासासारखा वाटत आला आहे.

कथा मला प्रिय आहे, तरी माझी तक्रार त्या पानाविषयी आहे. बखरीचे पान हा पुरावा म्हणून पुढे आला असता, तर वि. का. राजवाड्यांनी पंतांची धडगत ठेवली नसती. 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने'चा पहिला खंड 1898 साली निघाला, तो आमच्या सातारा जिल्ह्यातल्या वाईला मिळालेल्या कागदांच्या बळावर. आणि त्याच्या प्रस्तावनेत राजवाड्यांनी बखरींची जी झडती घेतली, ती आजही वाचण्यासारखी आहे. त्या खंडातली पानिपताच्या मोहिमेतली पत्रे वाचताना गोळीचा विसर पडतो. सदाशिवरावभाऊ गोविंदपंत बुंदेल्यांना लिहितात ते पैशाविषयी, रसदेविषयी, शत्रूचा दाणागोटा तोडण्याविषयी. डिसेंबर 1760 मध्ये गोविंदपंतच मारले गेले. पुढे छावणीत उपासमार सुरू झाली आणि उपाशी फौज लढायला बाहेर पडली. एका गोळीवर सारा इतिहास टांगणे कथेला शोभते. पत्रांतला इतिहास अनेक महिने आधीपासून सरकत आलेला असतो.

मिरजेत वासुदेवशास्त्री खरे शाळेत संस्कृत शिकवीत आणि उरलेल्या वेळात पटवर्धनांच्या दप्तरातले मोडी कागद उलगडीत. त्यांच्या 'ऐतिहासिक लेखसंग्रहा'चे भाग 1897 पासून निघू लागले. गेलेल्या काळात शिरण्याची त्यांची रीत अशी होती: डोळे फोडून एकेक ओळ लावायची. गंगाधरपंतांचे गोत्र मला या माणसांत सापडते. परक्या जगात हरवल्यावर ज्याचे पाय आपोआप ग्रंथालयाकडे वळतात, तो त्यांचाच.

व्याख्यानांत कथेचा आणखी एक भाग गाळला जातो. विजयी मराठ्यांच्या त्या जगातही पंतांचे कुणी ऐकून घेत नाही. आझाद मैदानावरच्या सभेत अध्यक्षाची खुर्ची रिकामी दिसते. 999 सभांचे अध्यक्षपद भूषविलेले पंत सवयीने तीत जाऊन बसतात आणि बोलू लागतात. श्रोते अध्यक्षीय भाषणांना विटलेले असतात. ते अंडी-टोमॅटोंचा मारा करतात. परत आल्यावर पानिपतावरच्या परिसंवादाचे ठरलेले अध्यक्षपद पंत नाकारतात. या नकाराविषयी आम्ही प्राध्यापक मंडळी बोलत नाही. कशी बोलणार? हार, नारळ आणि शाल घेऊन आम्हीच त्या खुर्चीत बसलेलो असतो. मीही बसलो आहे.

अशाच एका व्याख्यानानंतर दुसऱ्या वर्षाला असलेली एक मुलगी माझ्याकडे आली. टाळ्या विरल्या होत्या, चहा आला होता. तिने विचारले, "सर, गोळी चुकली असती, तरी त्या दिवशी सैन्याने खाल्लं काय असतं?"

मी तिला राजवाड्यांचा पहिला खंड वाचायला सांगितला. महाविद्यालयाच्या ग्रंथालयात तो आहे, कपाटाची किल्ली तेवढी मागून घ्यावी लागते.