पाना, पट्टा आणि पानिपत

कोणत्याही सर्वनाशाला ‘पानिपत’ म्हणण्याची आपल्या भाषेची रीत आहे. नोकरीनिमित्त प्रत्यक्ष पानिपतातच वास्तव्य असल्यामुळे तो वाक्प्रचार वापरताना मला आता संकोच वाटतो, कारण आजचे हे शहर चादरी, सतरंज्या आणि ब्लँकेटे विणण्यात गुंतलेले आहे. तरीही धावत्या मोटारीचा टायमिंग बेल्ट तुटल्यावर इंजिनात जे घडते, त्याला दुसरा शब्द सुचत नाही.

लहान मोटारीच्या इंजिनाला सर्वसाधारणपणे दोन जातींचे पट्टे असतात. पहिला बाहेरचा. तो अल्टरनेटर, एसीचा कॉम्प्रेसर आणि अनेक गाड्यांत पाण्याचा पंप फिरवतो. दुसरा आतला, आच्छादनाखाली दडलेला दातेरी पट्टा. क्रँकशाफ्टच्या दोन फेऱ्यांमागे कॅमशाफ्टची एक फेरी, हे गणित तो अखंड सांभाळतो. बाहेरचा पट्टा तुटला तर बॅटरीचा दिवा लागतो, तापमानाचा काटा चढू लागतो. ताबडतोब गाडी थांबवली तर बहुधा निभावते. आतला पट्टा अशी सूचना सहसा देत नाही. तो तुटताच झडपा असतील तेथे थबकतात, पिस्टन मात्र वर येतच राहतो आणि पुष्कळशा इंजिनांत तो उघड्या झडपांवर आदळतो. काही शे रुपयांच्या रबरापायी अख्खे इंजिन उघडावे लागते.

आपल्या वडीलधाऱ्यांना ही चिंता नव्हती. अॅम्बॅसडर आणि प्रीमियर पद्मिनी यांच्या इंजिनांत हे काम लोखंडी साखळी करीत असे. खंडाळ्याचा घाट चढणारा शहाणा गृहस्थ डिकीत एक जादा फॅन बेल्ट ठेवी, एवढ्यावर भागे. रबरी टायमिंग बेल्ट घेऊन १९६२ साली जर्मनीतील ग्लास कंपनीची लहान मोटार बाजारात आली. हलका, कमी आवाजाचा, स्वस्त पट्टा जगभर पसरला. १९८३ च्या डिसेंबरात येथून दक्षिणेस असलेल्या गुडगावच्या कारखान्यातून मारुती ८०० बाहेर पडली. १९९८ साली सँट्रो आणि पुण्याची इंडिका आली. या तिन्ही गाड्यांत पट्टाच होता. पुढे मारुतीच्या के-मालिकेतील इंजिनांबरोबर लहान गाड्यांत साखळी परतली. तेव्हा आपल्या गाडीत पट्टा आहे की साखळी, हे प्रथम मालकाच्या पुस्तिकेत पाहावे. गाडी चालवणाऱ्या कित्येक सुशिक्षितांना याचे उत्तर देता येत नाही, हे मला खटकते.

माझे मत असे, की बाहेरचा पट्टा प्रत्येक गाडीमालकाने एकदा तरी स्वतःच्या हाताने बदलावा. ज्या गाड्यांत अल्टरनेटर सरकवून ताण दिला जातो, त्यांत हे काम सुटीच्या सकाळी सहज आटोपते. इंजिन पूर्ण थंड असावे. बॅटरीची ऋण तार आधी सोडावी. अल्टरनेटरचे बोल्ट सैल करून तो इंजिनाकडे ढकलला, की जुना पट्टा निघतो. एसीचा पट्टा त्याच्या पुढे असेल तर आधी तो उतरवावा लागतो. नव्या पट्ट्याचा क्रमांक जुन्याशी ताडून पाहावा. केवळ लांबी जुळून भागत नाही. मग ताण. सैल पट्टा किंचाळतो आणि घसरतो, अति ताणलेला बेअरिंग खातो. दोन पुलींच्या मध्यावर अंगठ्याने दाबून पट्टा किती लवतो ते पुस्तिकेतील मापाशी ताडावे, आणि नवा पट्टा थोडा ताणला जात असल्याने काहीशे किलोमीटरनंतर पुन्हा तपासावे. चाक काढून खालून हात घालावा लागत असेल, तर केवळ गाडीसोबतच्या जॅकच्या भरवशावर कोणीही गाडीखाली जाऊ नये. पक्के स्टँड नसतील तर काम गॅरेजलाच द्यावे.

आतल्या पट्ट्याबाबत मात्र माझे मत उलट आहे. यंत्रमाग चालवणारे आमचे एक ग्राहक याला हसले. ‘‘साहेब, पट्टा तो पट्टा. आमच्या कारखान्यात रोज बदलतो.’’ त्यांच्या हाताला सवय आहे हे खरे. परंतु मागाचा पट्टा चुकला तर चार बोटे कापड वाया जाते. येथे कॅम आणि क्रँक यांच्या खुणा एका दाताने जरी हुकल्या तरी इंजिन ओढत नाही, अधिक हुकल्या तर झडपांशी गाठ आहे. टेन्शनर बदलायचा, पट्ट्यावर चालणारा पाण्याचा पंप असेल तर तोही पाहायचा, आणि किल्ली फिरवण्यापूर्वी इंजिन पान्याने हाताने दोन पूर्ण फेरे फिरवून खुणा पुन्हा जुळतात का ते पाहायचे. ही शेवटची पायरी घाईत गाळली जाते. ती आपल्यासमोर करून घेण्याइतकी माहिती मालकाला असावी; हात कसबी मिस्त्रीचाच असावा.

बँकेच्या टेबलावरून या प्रश्नाची आणखी एक बाजू दिसते. कर्जदार मासिक हप्त्याचा हिशेब चोख मांडतो, विम्याची तारीख लक्षात ठेवतो, पण पट्ट्यासाठी त्याच्या वहीत रकाना नसतो. सर्वसाधारण मोटार विम्यात झीज आणि यांत्रिक बिघाड वगळलेले असतात. त्यामुळे पट्टा तुटून इंजिन गेले तर तो भार खिशावर पडतो आणि हप्ता थांबत नाही. जुनी गाडी घेताना तर हा धोका दुप्पट. रंग, टायर, कागदपत्रे सारे पाहिले जाते. टायमिंग बेल्ट कधी बदलला याचे बिल क्वचितच कोणी मागते. ते मिळाले नाही, तर पट्टा जुनाच आहे असे धरून त्याचा खर्च किमतीतून वजा करून सौदा करावा.

कंपनीने दिलेली मर्यादा किलोमीटर आणि वर्षे अशी दुहेरी असेल, तर जी आधी येईल ती पाळावी. येथे मे महिन्यात पारा ४५ अंशांजवळ जातो, जानेवारीत गोठणबिंदूच्या आसपास उतरतो; उभ्या गाडीतले रबरही या फेऱ्यातून सुटत नाही. आणि जानेवारीच्या धुक्यात जी. टी. रोडवर मागून ट्रक येत असताना बंद पडलेली मोटार हा केवळ खर्चाचा विषय उरत नाही. १४ जानेवारीच्या सुमारास काला आंब येथे वंदन करण्यासाठी महाराष्ट्रातून मोटारीने येणाऱ्यांनी तर निघण्यापूर्वी पट्ट्याची नोंद अवश्य पाहावी. पुण्याहून हे अंतर दीड हजार किलोमीटरच्या घरात आहे.

नोंदीसाठी डायरीही लागत नाही. पट्टा बदलल्याची तारीख आणि त्या वेळचे किलोमीटर एका चिठ्ठीवर लिहून ती बॉनेटच्या आतल्या बाजूस चिकटवावी. पुढे गाडी विकताना ती चिठ्ठी आणि बिल, दोन्ही नव्या मालकाच्या हाती द्यावीत.